मागून हाक

"आठल्ये, आवाज पुण्याला ठेवून आलात की काय?" सबनीस म्हणाले. "ती कोंबडी हाकला. कॅमेऱ्यात येतेय."

मी हातातली क्लॅपची पाटी हलवून 'शुक शुक' केलं. कोंबडीने मान वाकडी करून माझ्याकडे पाहिलं आणि ती पुन्हा घरापुढच्या खळ्यातले दाणे टिपू लागली.

"मास्तरांना कोंबडीसुद्धा भीक घालत नाय," पायरीवर बसलेल्या द्वारकाबाई म्हणाल्या. रडून त्यांचे डोळे सुजले होते, तरी बोलताना त्यांना हसू आलं. मग त्यांनीच हातातलं फडकं झटकलं आणि कोंबडी पळाली.

मी मास्तर नव्हतो. जाड चष्मा, झोळी आणि खाली मान घालून चालण्याची सवय एवढ्यावरून करंबवेळच्या लोकांनी मला ते नाव देऊन टाकलं होतं. मी होतो सहायक दिग्दर्शक, म्हणजे होऊ बघत होतो. दूरचित्रवाणी आपल्याकडे नवी होती. तिच्यासाठी माहितीपट बनवणारी सबनीसांची छोटी संस्था होती. माझे दोन-चार लेख वाचून त्यांनी मला बोलावून घेतलं आणि पहिल्याच भेटीत सांगितलं, "नुसता लेखक मला परवडत नाही. संहिता लिहा आणि शूटिंगला माझा सहायक म्हणून उभे राहा. हा एक माहितीपट करून बघू. जमलं तर राहा, नाहीतर तुमचं ग्रंथालय आहेच."

ग्रंथालय नव्हतं. माझ्या जागी तिथे दुसरा माणूस लागला होता. हे मी सबनीसांना सांगितलं नव्हतं, आणि घरीही नाही.

सहायक दिग्दर्शकाचं काम मी पुस्तकांत वाचलं होतं. प्रत्यक्षात ते बहुतेक ओरडण्याचं निघालं. गर्दी मागे सारायची, कुत्री हाकलायची, लांबच्या माणसाला 'चला' आणि 'थांबा' सांगायचं. माझा आवाज दोन हातांच्या पलीकडे जात नसे. सबनीस पाठीमागून म्हणत, "अजून! अजून!" आणि माझा आवाज आणखी खाली जायचा. आदल्या दिवशी बंदरावर एक होडी थांबवायची होती. मी ओरडलो ते होडीवाल्याला ऐकूच गेलं नाही. संध्याकाळी जेवताना सबनीस माझ्याकडे न बघता कॅमेरामन पीटर घोन्साल्विसला म्हणाले, "उद्याचा दिवस बघतो, पीटर. मग ठरवतो." काय ठरवतो ते पीटरने विचारलं नाही. मीही नाही.

माहितीपट होता बोटीवर जाणाऱ्या माणसांच्या गावावर. करंबवेळमध्ये घरटी एक माणूस बोटीवर होता. सबनीसांना त्यात एक प्रसंग हवा होता: बोटीवर निघालेला मुलगा घराबाहेर पडतो तो क्षण. तो खराखुरा हवा होता, कुणाला करायला लावलेला नको होता. चौकशी करता करता आम्हाला शिवलकरांचं घर सापडलं. द्वारकाबाईंचा मुलगा जनार्दन पहिल्यांदाच बोटीवर निघाला होता. सकाळच्या एस.टी.ने रत्नागिरी, तिथून मुंबई, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी बोटीवर हजर व्हायचं होतं.

घर चांगलं होतं, माणसं मोकळी होती. फक्त एक गोष्ट होती. जनार्दनाचे वडील भिकाजी त्याच्याशी बोलत नव्हते. भिकाजींनी स्वतः उभा जन्म बोटीवर काढला होता. आता ते पडवीतल्या झोपाळ्यावर बसून जाळी विणत. मुलाने चोरून बोटीचे कागद करून आणले, त्या दिवसापासून त्यांनी त्याच्याशी अबोला धरला होता. ताटाला ताट लावून जेवत, पण "मीठ दे" एवढंसुद्धा द्वारकाबाईंच्या मार्फत.

"फारच छान," सबनीस म्हणाले होते. "बाप झोपाळ्यावर, मुलगा पायऱ्या उतरतोय. बाप मान वर करत नाही. आठल्ये, म्हाताऱ्याशी बोलून कारण काढून घ्या. कॅमेऱ्यासमोर बोलायला लावू."

आदल्या दुपारी मी भिकाजींजवळ जाऊन बसलो. विचारायचे प्रश्न मनात पाठ केले होते. त्यातला एकही तोंडातून निघेना. ते जाळं विणत राहिले, मी सुतळीकडे बघत राहिलो. बऱ्याच वेळाने तेच म्हणाले, "तुमाला पोरं हायत?"

"नाही. लग्न व्हायचंय."

"मग सांगून काय कळणार तुमाला." पुन्हा बराच वेळ सुई खालीवर होत राहिली. मग म्हणाले, "हा जना लहान होता. मी दोन वर्षांनी घरी आलो. पेटी घेऊन ह्याच पायऱ्या चढलो. हा इथे खेळत होता. मला बघून आत पळाला, आणि आयेला काय सांगितलान? 'आये, कोण काका आलेत.'"

मी खाली घरंगळलेला सुतळीचा गुंडा उचलून त्यांच्या हाती दिला.

"आता ह्याचं पोर वर्षाचं हाय," ते म्हणाले आणि दातांनी सुतळी तोडली.

सबनीसांना मी सांगितलं की कारण कळलं नाही, म्हातारा बोलत नाही. ते म्हणाले, "तुम्ही विचारलंत तरी का?" तो 'काका' हा एक शब्द कॅमेऱ्यासमोर पुन्हा बोलायला लावायचा, नीट उच्चारून, हे मला कसंसंच वाटत होतं. पण त्याचबरोबर माझं काम मी केलं नाही, हेही मला टोचत होतं. अशा वेळी दोन्ही बाजूंनी वाईट वाटून घेणं हे माझं जुनंच कसब.

तर ती सकाळ. आमचे ध्वनिमुद्रक मुकादम, त्यांनी झोपाळ्याच्या कडीपाशी माईक बांधला होता आणि ते कोपऱ्यात टेपयंत्र घेऊन बसले होते. त्या काळी चित्र एका यंत्रात आणि आवाज दुसऱ्या यंत्रात भरला जायचा. सुरुवातीला क्लॅपची पाटी कॅमेऱ्यासमोर धरून फटकन मिटायची, तो फटका चित्रात दिसतो, टेपवर ऐकू येतो, आणि पुढे त्यावरून दोन्ही जुळवतात. ती पाटी माझ्या हाती होती. तेवढं एक काम मला न ओरडता जमत होतं.

मी क्लॅप दिला. कॅमेरा सुरू झाला. द्वारकाबाईंनी मुलाच्या हातावर दही घातलं. जनार्दनाच्या बायकोने कडेवरच्या पोराचा हात धरून हलवला. जनार्दनाने आईच्या पाया पडून डोकं टेकवलं आणि मग तो झोपाळ्यापाशी गेला. भिकाजींची सुई चालूच होती. तो वाकला, पायांना हात लावला. भिकाजींनी पाय मागे घेतले नाहीत, पण मानही वर केली नाही.

"येतो," जनार्दन म्हणाला. कुणाला म्हणाला ते कळलं नाही.

ट्रंक खांद्यावर घेऊन तो पायऱ्या उतरला, खळं ओलांडून बेड्यापाशी पोचला. बेडं म्हणजे बांबूचं फाटक. तिथून पाखाडी, दगडी पायऱ्यांची वाट, खाली बंदराकडे जाते आणि बंदरावर एस.टी. उभी असते. ती दिसत होती. ड्रायव्हर टपावर सामान चढवणाऱ्या माणसाशी बोलत होता.

"रीळ संपलं," पीटर म्हणाला.

"काय?"

"मगाशीच बोललो होतो, साहेब. गाठोडं बांधतानाचं एवढं शूट करू नका म्हणून. तो झोपाळ्यापाशी गेला, तिथेच संपलं."

सबनीसांचा चेहरा लाल झाला. "दुसरा डबा लाव. लवकर! आठल्ये, त्याला थांबवा. पायऱ्या पुन्हा उतरायला सांगा. अहो, बघताय काय? हाक मारा! काढा आवाज एकदा!"

जनार्दन बेडं उघडून बाहेर पडला होता. आणखी चार ढांगांत तो पाखाडीच्या वळणाआड गेला असता. मला दिसत होतं ते एवढंच, की तो गेला की मीही गेलो. कुठून आलं कोण जाणे, मी छाती भरून श्वास घेतला आणि ओरडलो:

"ओऽऽ जनार्दन! परत या! परत याऽऽ!"

असा आवाज माझ्यातून आयुष्यात पूर्वी कधी निघाला नव्हता. माडांवरचे कावळे उडाले. खाली बंदरावर एस.टी.च्या ड्रायव्हरनेही वर पाहिलं. सबनीस म्हणाले, "शाब्बास!" आणि मला, खरं सांगतो, क्षणभर फार बरं वाटलं.

मग माझ्या लक्षात आलं, की सगळं घर थिजून उभं आहे.

द्वारकाबाईंच्या हातातली दह्याची वाटी खाली पडली होती. जनार्दनाच्या बायकोने पोराला छातीशी घट्ट धरलं होतं. शेजारच्या दगडी गडग्यावरून बघणाऱ्या बायकांपैकी एकीने कपाळावर हात मारून घेतला. जनार्दन वळून उभा होता. त्याचा चेहरा पांढरा पडला होता. भिकाजींची सुई थांबली होती.

"मागून हाक मारलीत?" द्वारकाबाई हळूच म्हणाल्या. "बोटीवर निघालेल्या माणसाला?"

सबनीस पुढे झाले. "बाई, काही नाही, फक्त एकदा परत पायऱ्या उतरायच्या आहेत. दोन मिनिटांचं काम."

"परत ये म्हणून ओरडलात. माझ्या पोराला. परत ये!"

"अहो, असं काही नसतं. हे सगळं आपण मानण्यावर असतं."

"तुमच्यात नसेल." त्यांचा आवाज आता चढला. "तुमच्या घरची माणसं कचेरीत जातात आणि सांजचं जेवायला येतात. इथं पाण्यावर जातात. जना, घरात ये. आज जायचं नाय."

"आये, उद्या सकाळी हजर व्हायचंय. नाय झालो तर माझ्या जागी दुसरा घेतील. पुन्हा कोण बोलावणार नाय मला."

"नाय तर नाय."

मग त्या माझ्याकडे वळल्या. मी पाटी छातीशी धरून उभा होतो.

"मास्तर," त्या म्हणाल्या, "दोन दिवस मला वाटत होतं, ह्या माणसाला देवानं तोंडच दिलं नाय. आणि काढलंत ते नेमकं आत्ताच काढलंत?"

मी ह्या गोष्टी मानणारा माणूस नव्हतो. शकुन-अपशकुनांच्या खुळाविरुद्ध मी एक लेखही लिहिला होता, आणि तोच वाचून सबनीसांनी मला बोलावलं होतं. पण त्या अंगणात त्या लेखातलं एक वाक्य मला आठवेना. मला फक्त माझा आवाज ऐकू येत होता. परत या, परत या.

खालून एस.टी.चा भोंगा वाजला.

गडग्यापलीकडची म्हातारी बोलली, "द्वारके, परत बसव त्याला. उतारा हाय त्याला. घरातल्या कर्त्या माणसानं बसवायचं, पाणी द्यायचं, गूळ द्यायचा. नि तोंडानं बोलायचं, ये जाऊन. मग ते पहिलं निघणं धरत नायत."

"कर्त्या माणसानं," द्वारकाबाई म्हणाल्या आणि थांबल्या.

सगळ्यांच्या माना झोपाळ्याकडे वळल्या. भिकाजी हातातल्या जाळ्याकडे बघत होते. जनार्दन पायऱ्या चढून पडवीत आला होता. ट्रंक त्याच्या खांद्यावरच होती. ती खाली ठेवावी की नाही, हे त्याला कळत नव्हतं. भोंगा पुन्हा वाजला. पाटीवरची खडूची अक्षरं माझ्या सदऱ्यावर उमटली होती.

भिकाजी उठले. झोपाळा त्यांच्यामागे रिकामाच हलत राहिला. ते आत गेले. आत मडक्यावरचं झाकण वाजलं. ते पाण्याचा तांब्या आणि गुळाचा खडा घेऊन बाहेर आले.

"बस," ते म्हणाले.

जनार्दन ट्रंक ठेवून झोपाळ्यावर बसला.

त्याच क्षणी माझ्या कानाशी पीटर पुटपुटला, "डबा लावला. चालू आहे." मी वळून पाहिलं. सबनीसांचे डोळे चमकत होते. त्यांनी मुकादमांना खूण केली, टेप फिरू लागली. मग माझ्याकडे बघून त्यांनी दोन्ही तळहात एकमेकांवर आपटल्याचा अभिनय केला. क्लॅप!

मी पाटी उघडली. कॅमेऱ्याच्या समोर धरायला दोन पावलं पुढे जायला हवं होतं. भिकाजींची पाठ आमच्याकडे होती. त्यांनी तांब्या मुलाच्या हाती दिला.

"सकाळी खाल्लंस काय?"

"भाकरी," जनार्दन म्हणाला. त्याचा आवाज फाटला.

"पहिले दिवस पोटात काय राहणार नाय. आल्याचा तुकडा धर दाढेत. तवर भाकरी नि आलं, बाकी काय घेऊ नको."

"होय."

सबनीस दात आवळून म्हणाले, "आठल्ये! क्लॅप!"

मी पाटी उघडी धरून उभा होतो. ती मिटली की बंदुकीच्या बारासारखा आवाज होणार होता. मघाची ती हाक अजून त्या पडवीत होती. तिच्यावर आता हा आवाज?

"दर बंदराला कागद टाक," भिकाजी म्हणाले. "नि फोटो काढून धाड. बोटीचा नको. तुझा. तोंड दिसंल असा."

"होय, बाबा."

"पोराला दाखवू रोज." त्यांनी गुळाचा खडा मुलाच्या तळहातावर ठेवला आणि आपल्या हाताने त्याची मूठ मिटली. "नायतर काका म्हणंल तुला."

जनार्दनाने वर पाहिलं. त्याला ती जुनी गोष्ट ठाऊक होती की नाही, मला माहीत नाही. बहुतेक नसावी. पण तो बापाकडे ज्या नजरेने बघत राहिला, तसं बघताना मी त्यानंतर इतक्या वर्षांत पडद्यावर कुणाला पाहिलं नाही.

"ये जाऊन," भिकाजी म्हणाले.

तो उठला. ट्रंक उचलली, पायऱ्या उतरला, खळं, बेडं, पाखाडी. शॉट संपताना पाटी उलटी धरून शेवटी क्लॅप दिला तरी चालतो, हे मला ठाऊक होतं. पीटरने मला तशी खूणही केली. पण तेव्हा जनार्दन पाठमोरा चालत होता, आणि त्याच्या पाठीमागे काहीही वाजवणं मला शक्य नव्हतं. हे मी धैर्याने केलं म्हणावं, तर तसं नाही. भीतीने केलं म्हणावं, तर सबनीसांची भीतीही काही थोडी नव्हती. पाटी मिटली नाही, एवढंच खरं.

एस.टी. वळणाआड गेल्यावर सबनीसांनी माझ्या हातातून पाटी काढून घेतली. "तुम्ही कामाचे नाही," ते शांतपणे म्हणाले.

निघताना मी द्वारकाबाईंच्या पाया पडायला गेलो. त्यांनी पाय मागे घेतले.

"पुढच्या गणपतीला येईल माझा पोरगा," त्या म्हणाल्या. "तवर तुमची ती हाक माझ्या कानात राहणार, मास्तर. नंतर या आणि बघा, घरात काय हाय ते."

मुंबईला आल्यावर संकलकाने खूप प्रयत्न केला. चित्र होतं, आवाजही होता, पण दोन्ही जुळेनात. भिकाजी पाठमोरे, त्यामुळे त्यांचे ओठ दिसत नव्हते. जनार्दनाचे 'होय' शोधून बघितले, तर कधी पुढे जात, कधी मागे राहत. शेवटी सबनीसांनी मला बोलावलं.

"तुमच्यामुळे हा प्रसंग मुका झालाय. आता तुम्हीच त्यावर निवेदन लिहून द्या. समुद्र, वियोग, बापाचं काळीज, काय हवं ते. भरून काढा. आणि मग आपला हिशेब संपला."

मी लिहायला बसलो. समुद्रावर लिहिलं, ते खोडलं. बापाच्या काळजावर लिहिलं, ते वाचताना मलाच लाज वाटली. लिहिण्यासारखं एकच वाक्य होतं आणि ते भिकाजींचं होतं. ते माझ्या शब्दांत घालून दुसऱ्याच्या आवाजात वाचून घ्यायचं? दुसऱ्या दिवशी मी सबनीसांपुढे कागद ठेवले. तिथपर्यंतचं निवेदन होतं, त्यानंतरचं होतं. मध्ये पान कोरं.

"हे काय?"

"तिथे काही नको," मी म्हणालो. माझं मलाच ऐकू आलं की नाही, कोण जाणे.

"मोठ्याने बोला."

"तिथे काही नको. नुसता झोपाळ्याच्या कडीचा आवाज ठेवा. तो कुठेही जुळतो."

सबनीसांनी संकलकाला तसं लावून बघायला सांगितलं. अंधाऱ्या खोलीत आम्ही ते बघितलं. म्हातारा पाठमोरा उभा. कडी कुरकुरतेय. मुलाचा चेहरा. गुळाची मिटलेली मूठ. दिवे लागल्यावर सबनीस चष्मा पुसत म्हणाले, "राहू दे असंच." आणि दारातून जाता जाता, मागे न बघता, "आठल्ये, तुम्ही लिहायचं. ओरडायला मी दुसरा माणूस ठेवतो."

अशी माझी नोकरी टिकली. पुढे त्याच धंद्यात माझे केस पिकले. पण त्या दिवशी आनंद झाला असं म्हणता येणार नाही. माझा जीव दुसरीकडेच होता.

त्या वर्षी मी वर्तमानपत्र मागच्या पानापासून वाचायला शिकलो. आतल्या पानावर कोपऱ्यात बोटींच्या बातम्या येत. कुठे वादळ, कुठे आग, कुठे एखादी बोट खडकावर चढलेली. जनार्दनाच्या बोटीचं नाव मला ठाऊक नव्हतं, त्यामुळे प्रत्येक बोट त्याचीच वाटे. पावसाळ्यात अरबी समुद्रात एक मालवाहू बोट बेपत्ता झाल्याची बातमी आली, तेव्हा मला दोन दिवस जेवण गेलं नाही. पीटर म्हणाला, "अरे वेड्या, तुझ्या हाकेने बोटी बुडायला लागल्या तर आरमारवाले घरी येऊन नेतील तुला!" मी हसलो. बोट सापडल्याची बातमी येईपर्यंत मात्र मी त्या पानावरून डोळे काढले नाहीत.

चौकशी करता आली असती. कार्ड टाकायचं, उत्तर यायचं. पण ते कार्ड माझ्याच्याने टाकवलं नाही. उत्तर काय येईल ह्याची भीती, दुसरं काय.

गणपती आले आणि गेले. सणाच्या घरात जाऊन उभं राहायची माझी हिंमत झाली नाही. नंतर काही दिवसांनी, कुणाला न सांगता, मी एस.टी.त बसलो. वाटेत मला परत फिरावंसं किती वेळा वाटलं, ते सांगत नाही.

पाखाडी चढून मी बेड्यापाशी आलो. खळं तेच होतं. पडवीत झोपाळा रिकामा होता. भिकाजी नव्हते, द्वारकाबाई नव्हत्या. दार उघडं, आत अंधार. पायरीवर दोनेक वर्षांचं पोर करवंटीने माती उपसत बसलं होतं. त्याने माझ्याकडे पाहिलं.

इथे कुणी पुरुषमाणूस आहे का, एवढंच विचारायचं होतं. मी तोंड उघडलं. आवाज आला नाही. पुन्हा प्रयत्न केला, तरी नाही. वळचणीच्या दोरीवर कपडे वाळत होते; त्यांत सदरे कुणाचे, हे मी ओळखायला बघत होतो. एक नऊवारी, एक लहान झबलं, एक धोतर. तरण्या माणसाचं काही दिसेना. विचारून तरी काय करणार, असं माझ्या मनाने मला सांगितलं, आणि मी ऐकलं. मी वळलो आणि पाखाडी उतरायला लागलो.

"ओऽऽ मास्तर!"

मी जागच्या जागी थांबलो.

"परत या! परत याऽऽ!"

माडांवरचे कावळे उडाले. मी मागे पाहिलं. विहिरीकडच्या वाटेवर, हातात भरलेली बादली घेऊन, ओल्या अंगाने जनार्दन उभा होता. काळा झाला होता, दाढी वाढली होती, आणि इतका मोठ्याने हसत होता की बादलीतलं पाणी हिंदकळत होतं.

त्याच्या हाकेने द्वारकाबाई परसातून धावत आल्या. मला बघून त्यांनी कमरेवर हात ठेवले.

"मागून हाक मारलीन काय तुमाला?"

"होय," मी म्हणालो.

"मग आता बसल्याशिवाय जायचं नाय. चला वर. अवो, ऐकलंत काय? मास्तर आलेत. पाणी आणा, गूळ आणा!"

भिकाजी माजघरातून बाहेर आले. मला झोपाळ्यावर बसवलं. त्यांनी तांब्या माझ्या हाती दिला आणि गुळाचा खडा तळहातावर ठेवला. मी तो तोंडात टाकला, आणि चष्मा पुसायच्या निमित्ताने मान खाली घातली. तेव्हा मला भिंत दिसली. पडवीच्या भिंतीवर, अगदी खाली, जमिनीपासून हातभर उंचीवर जनार्दनाचे फोटो खिळ्यांनी ठोकले होते. कुठल्या कुठल्या बंदरांतले, सगळ्यांत तोंड स्वच्छ दिसणारं. तिथे ते कुठल्याही मोठ्या माणसाला वाकल्याशिवाय दिसले नसते. बोटांच्या ठशांनी ते धुरकट झाले होते.

पोर करवंटी घेऊन पायरी चढून आलं. त्याने एका फोटोवर मातीचं बोट ठेवलं. मग बादली ठेवणाऱ्या जनार्दनाकडे बोट केलं.

"बाबा," ते मला समजावून सांगत म्हणालं.

मग ते माझ्यासमोर येऊन उभं राहिलं. माझ्या चष्म्याकडे, झोळीकडे नीट पाहिलं, आणि मागे वळून आजोबांना ओरडून सांगितलं, "काका!"

भिकाजींनी झोपाळ्याखालचं जाळं ओढून मांडीवर घेतलं.

"बरोबर," ते म्हणाले.